मोफत टॅक्स केंद्रावर लोकांची माहिती कशी सांभाळावी?

प्रश्न थोडक्यात असा: न्यू जर्सीतल्या एका सार्वजनिक ग्रंथालयाच्या खोलीत फेब्रुवारी ते एप्रिलच्या मध्यापर्यंत दर शनिवारी मोफत टॅक्स भरून देण्याचं केंद्र चालणार आहे. आयआरएसच्या, म्हणजे अमेरिकेच्या कर खात्याच्या, ‘व्हीटा’ या मोफत करमदत कार्यक्रमाखाली. आठ स्वयंसेवक, सहा लॅपटॉप (त्यातले चार दान मिळालेले), वायफाय आणि प्रिंटर ग्रंथालयाचे. प्रश्न विचारणाऱ्या ताई यंदा पहिल्यांदाच साइट को-ऑर्डिनेटर झाल्या आहेत. लोकांची माहिती सुरक्षित राहावी म्हणून नेमकं काय करायचं, हे त्यांना हवं आहे. शिवाय मराठी मंडळातल्या ओळखीचे लोक विचारताहेत, “डब्ल्यू-२ चा फोटो व्हॉट्सॅपवर टाकला तर चालेल ना?” (डब्ल्यू-२ म्हणजे नोकरी देणाऱ्याकडून मिळणारा वर्षाच्या पगाराचा आणि कापलेल्या कराचा दाखला.) त्यांना काय सांगायचं?

व्हॉट्सॅपचं आधी सांगून टाकू, कारण त्याचं उत्तर एका शब्दात संपतं: नको. संदेश वाटेत कुणी वाचेल अशी भीती नाही, तो वाटेत बंदिस्तच असतो. गडबड होते ती दोन्ही टोकांना. फोटो पाठवणाऱ्याच्या गॅलरीत राहतो. घेणाऱ्याच्या फोनवर आपोआप उतरतो. फोटोंचा बॅकअप चालू असेल तर तिथून क्लाउडवर चढतो आणि त्याच खात्यावर चालणाऱ्या घरातल्या टॅबलेटवरही दिसायला लागतो. एका डब्ल्यू-२ च्या चार-पाच प्रती झाल्या आणि त्यातली एकही केंद्राच्या ताब्यात नाही. हंगाम संपल्यावर त्या पुसल्या का, हे कुणी कुणाला विचारणार?

हा एक मुद्दा पक्का धरलात तर बाकीचं बरंचसं आपोआप सुचतं. अशा केंद्रावरून माहिती बाहेर जाते ती बहुतेक वेळा मागे राहिलेल्या प्रतीतून: प्रिंटरच्या ट्रेमध्ये, लॅपटॉपच्या डाउनलोड्समध्ये, दुसऱ्याच्या पाकिटात, टेबलावरच्या चिठ्ठीवर. म्हणून प्रत्येक पायरीला एकच प्रश्न विचारायचा: इथे नवी प्रत तयार झाली का, आणि ती संध्याकाळपर्यंत कुठे जाणार?

आता त्या कागदांत असतं काय, हे स्वयंसेवकांना पहिल्याच बैठकीत नीट सांगा. सोशल सिक्युरिटी नंबर जपायचा असतो हे सगळ्यांना माहीत असतं, पण मागच्या वर्षीच्या रिटर्नकडे मात्र रद्दी म्हणून पाहिलं जातं. घरी बसून स्वतः ई-फाइल करणाऱ्याची ओळख आयआरएस पटवते ती मागच्या वर्षीच्या एजीआयच्या, म्हणजे समायोजित ढोबळ उत्पन्नाच्या आकड्यावरून किंवा मागच्या वर्षी सहीऐवजी वापरलेल्या पिनवरून. मग नंबर, जन्मतारीख आणि तो एक आकडा ज्याच्या हाती, तो दुसऱ्याच्या नावाने रिटर्न भरू शकतो. जुनं रिटर्न म्हणजे घराची किल्ली आहे. त्यात मुलांचेही नंबर असतात, आणि मुलाच्या नावावर कुणी कर्ज काढलं तर वर्षानुवर्षं कुणाला पत्ता लागत नाही. बँकेचा नऊ आकडी राउटिंग नंबर आणि खाते क्रमांक तर असतातच.

चोराने आधी रिटर्न भरलं की खऱ्या माणसाचं रिटर्न ‘आर ००००-९०२-०१’ हा कोड लागून परत येतं: या नंबरवर आधीच एक रिटर्न स्वीकारलं आहे. मग कागदी रिटर्न, सोबत ओळखचोरीचा फॉर्म १४०३९, आणि महिनोन्‌महिने वाट पाहणं. या केंद्रांवर येणारी माणसं कमी उत्पन्नाची असतात. २०२५ च्या हंगामात साधारण ६७,००० डॉलरपर्यंतच्या उत्पन्नाची मर्यादा होती. त्यांच्या घरी परतावा म्हणजे थकलेलं भाडं असतं, गाडीची दुरुस्ती असते. नुकसान मोजायचं ते या मापाने.

कायद्याची बाजू थोडक्यात. १९६९ च्या करसुधारणा कायद्यानंतर हा कार्यक्रम उभा राहिला आणि त्यातली माहिती जपण्याची चौकट आयआरएसच्या प्रकाशन ४२९९ मध्ये आहे. ते आठही जणांनी वाचलेलं हवं. महसूल संहितेचं कलम ७२१६ मोफत केंद्रांनाही लागू आहे: जाणूनबुजून किंवा बेपर्वाईने माहिती उघड केली किंवा दुसऱ्या कामाला वापरली तर १,००० डॉलरपर्यंत दंड, एक वर्षापर्यंत कैद, किंवा दोन्ही. कलम ६७१३ मध्ये प्रत्येक वेळच्या उघडकीला २५० डॉलर, वर्षाला १०,००० पर्यंत, असा दिवाणी दंड आहे. ओळखचोरीशी संबंध असेल तर रकमा याहून बऱ्याच वाढतात. प्रत्येक स्वयंसेवकाची फॉर्म १३६१५ वर सही काम सुरू होण्याआधी हवी. केंद्राचा सुरक्षा आराखडा फॉर्म १५२७२ वर लिहून, मंजूर होऊन, दार उघडण्याआधी फाइलमध्ये असायला हवा. हा फॉर्म मागच्या वर्षीचा उतरवून काढू नका. खोली बदलली, प्रिंटर बदलला, की उत्तरं बदलतात.

‘वापर’ हा शब्द मात्र मराठी मंडळींनी नीट समजून घ्यायला हवा, कारण चूक हमखास इथेच होते. केंद्रावर आलेल्या साठ कुटुंबांचे ई-मेल सॉफ्टवेअरमध्ये आहेत, गुढीपाडव्याचं आमंत्रण पाठवायचं आहे, यादी हाताशी आहे. पाठवायचं नाही. देणगीचं आवाहनही नाही, मंडळाच्या सदस्यत्वाची आठवणही नाही. रिटर्नसाठी दिलेली माहिती दुसऱ्या कामाला वापरायची तर करदात्याची ठरलेल्या मजकुराची, सही-तारखेची स्वतंत्र संमती लागते. मंडळाला संपर्क हवेच असतील तर दाराबाहेर मंडळाची वही ठेवा. ज्याला लिहायचं तो लिहील, आणि त्या वहीचा टॅक्सच्या टेबलाशी काही संबंध राहणार नाही.

संमतीचाच दुसरा भाग. रिटर्न भरण्याचं केंद्राचं सॉफ्टवेअर म्हणजे टॅक्सस्लेयर. त्यात एक ‘ग्लोबल कॅरी फॉरवर्ड’ म्हणून संमती येते, फॉर्म १५०८० ची. ती दिली तर पुढच्या वर्षी त्या कुटुंबाची माहिती हेच सॉफ्टवेअर वापरणाऱ्या दुसऱ्या व्हीटा केंद्रावरही उघडता येते. गाव बदललं तर सोय होते हे खरं. पण घाईत स्वयंसेवक स्वतःच पिन आणि तारीख घालून पुढे सरकतो, आणि ते चुकीचं आहे. स्क्रीन करदात्याकडे वळवा, दोन वाक्यांत अर्थ सांगा, ‘नाही’ म्हणाले तर ‘नाही’ नोंदवा. नकार दिला म्हणून रिटर्न भरून द्यायला नाही म्हणता येत नाही.

आता खोलीकडे येऊ. टेबलं भिंतीला समांतर लावून स्क्रीन भिंतीकडे करण्याची पद्धत बरी. स्वयंसेवकाच्या पाठीमागून येण्या-जाण्याची वाट नको. दोन टेबलांत हात पसरला तरी पोहोचणार नाही इतकं अंतर ठेवा. वाट पाहणाऱ्यांच्या खुर्च्या शक्य झालं तर दाराबाहेर ठेवा. बोलावताना नाव न पुकारता टोकन क्रमांक पुकारा. हजेरीचा एकच लांब कागद टेबलावर ठेवला की दहाव्या माणसाला वरच्या नवांची नावं आणि फोन नंबर वाचता येतात, म्हणून प्रत्येकाला वेगळी चिठ्ठी द्या. ती पुढे त्याच्याच माहिती-पत्रकाला, म्हणजे १३६१४-सी ला टाचली जाते.

बोलण्याचं काय? ओळखपत्र आणि सोशल सिक्युरिटी कार्ड प्रत्यक्ष पाहायचं असतं, हा नियम आहे. पाहायचं म्हणजे फक्त पाहायचं. झेरॉक्स नाही, फोटो नाही. “तुमचा नंबर सांगा” असं म्हटलं की समोरचा माणूस नऊ आकडे मोठ्याने म्हणतो आणि शेजारचं टेबल ऐकतं. त्याऐवजी कार्ड मधोमध ठेवा, स्वतः मुकाट्याने टाइप करा, मग बोट ठेवून शेवटचे चार आकडे हळू वाचा: “बरोबर?” ऐकू कमी येणाऱ्या आजोबांसाठी चिठ्ठीवर लिहिलंत तर ती चिठ्ठी लगेच कापायच्या पेटीत. आणि मराठीत बोललो म्हणजे कुणाला कळत नाही, हा समज सोडा. एडिसनमध्ये किंवा जर्सी सिटीत मागच्या खुर्चीतल्या माणसाला मराठीही कळते, हिंदीही आणि गुजरातीही.

इथे एक गोष्ट जरा सविस्तर सांगायला हवी, कारण सुरक्षेच्या प्रशिक्षणात ती निसटते. ओळखीच्या माणसांच्या समाजात नंबर फुटण्याइतकंच दुःख दुसऱ्या माहितीने होतं. कुणाची नोकरी गेली आणि बेकारी भत्ता चालू आहे, कोण नवऱ्यापासून वेगळी राहते आणि ‘हेड ऑफ हाउसहोल्ड’ म्हणजे घर एकटीने चालवणारी म्हणून भरते, कुणाच्या मुलाला अपंगत्वाचे लाभ मिळतात, कुणाच्या घरी किती पैसा येतो: रिटर्न आणि त्यासोबतच्या कागदांत हे सगळं असतं. “अगं, त्यांचं तर किती कमी आहे” एवढं वाक्य गाडीत घरी जाताना बोललं गेलं तर तीही माहितीची उघडकीच, आणि ती बाई पुढच्या वर्षी केंद्रावर येत नाही. ती मग रोख पैसे घेऊन, सही न करता रिटर्न भरून देणाऱ्या एखाद्या माणसाकडे जाते. म्हणून दोन नियम लावा. ओळखीचा करदाता आला तर स्वयंसेवकाने आपण होऊन विचारायचं, “तुम्हाला दुसऱ्या टेबलावर बसायला आवडेल का?” आणि चर्चा फक्त नियमाची, माणसाची नाही. अवघड प्रकरण को-ऑर्डिनेटरला विचारताना नाव घ्यायची गरज पडत नाही.

लॅपटॉपकडे वळू. दान मिळालेल्या चार यंत्रांची झडती आधी घ्या. विंडोज १० चा मोफत आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. विंडोज ११ ज्यावर चालत नाही असं यंत्र या कामाला घेऊ नका. चालत असेल तरी जुन्या मालकाच्या खात्यावर काम सुरू करू नका: डिस्क पूर्ण पुसून विंडोज नव्याने टाका. कारण सांगण्याजोगं आहे. बऱ्याच लॅपटॉपवर डिस्कचं एन्क्रिप्शन आपोआप चालू असतं आणि त्याची रिकव्हरी की पहिल्या मालकाच्या मायक्रोसॉफ्ट खात्यात जमा असते. म्हणजे कुलूप तुमचं आणि जादा किल्ली दात्याकडे. नव्याने टाकल्यावर एन्क्रिप्शन चालू करा, की कागदावर छापून केंद्राच्या संस्थेच्या कपाटात ठेवा. लॅपटॉपच्या पोटाला चिकटवलेली चिठ्ठी अनेक ठिकाणी दिसते. तिने सगळ्या कष्टांवर पाणी पडतं. आयआरएसकडून उसने मिळालेले लॅपटॉप असतील तर त्यांच्या मांडणीला हात लावू नका, त्यांचे नियम वेगळे असतात.

एन्क्रिप्शनची मर्यादाही सांगा. झाकण मिटून झोपलेला लॅपटॉप कुलूपबंद नसतो, किल्ली त्याच्या स्मृतीत असते. गाडीत ठेवण्याआधी तो पूर्ण बंद करायचा. आणि मुळात गाडीत ठेवून कॉफी प्यायला जायचं नाही.

स्वयंसेवकाचं विंडोजचं खातं साधं असावं, अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचं नव्हे. टॅक्सस्लेयरचं लॉगिन प्रत्येकाचं वेगळं. “माझं उघडंच आहे, त्यावर कर” हे पूर्ण बंद, कारण मग कुणी काय उघडलं याची नोंद निरर्थक होते. तपासनीसाला जितके अधिकार लागतात तितकेच द्या, स्वागताला बसणाऱ्याला रिटर्न उघडायचा अधिकार लागतच नाही. दोन टप्प्यांचं लॉगिन असावं. ब्राउझरमधलं पासवर्ड साठवणं आणि अर्ज आपोआप भरणं बंद करा. विंडोजचा क्लिपबोर्ड इतिहास बंद करा, तो कॉपी केलेल्या शेवटच्या २५ गोष्टी जपून ठेवतो आणि त्यात खाते क्रमांक असतात. पाच मिनिटांत स्क्रीन आपोआप बंद, आणि खुर्चीतून उठताना विंडोजचं बटण आणि ‘एल’. पहिल्या शनिवारी पंधरा वेळा आठवण करून द्यावी लागते, तिसऱ्या शनिवारी हात आपोआप जातो.

डाउनलोड्स या फोल्डरकडे सगळ्यात जास्त लक्ष द्या. सॉफ्टवेअर ब्राउझरमध्ये चालतं, म्हणून ‘लॅपटॉपवर काहीच राहत नाही’ असं स्वयंसेवक समजतात. पण प्रिंट म्हटलं की रिटर्नची पीडीएफ तयार होते आणि ब्राउझरच्या मांडणीप्रमाणे ती डाउनलोड्समध्ये जाऊन बसते. छापून झालं, माणूस घरी गेला, पीडीएफ तिथेच. एका शनिवारी एका लॅपटॉपवर पाच-सहा पूर्ण रिटर्नं अशी साचतात. दुसऱ्यांदा प्रिंट दिलं की त्याच नावापुढे कंसात १ लागून आणखी एक. ‘इनकॉग्निटो’ खिडकीने हे सुटत नाही: ती इतिहास विसरते, उतरवलेली फाइल पुसत नाही. पुसली तरी ती आधी रिसायकल बिनमध्ये जाते. तेव्हा प्रत्येक रिटर्ननंतर फाइल शिफ्ट दाबून डिलीट, आणि दिवसाअखेरी को-ऑर्डिनेटरने प्रत्येक यंत्राचं डाउनलोड्स, डेस्कटॉप आणि बिन स्वतः उघडून पाहायचं. क्रोमबुक मिळालं तर त्याचा गेस्ट मोड इथे फार उपयोगी आहे, बाहेर पडताच उतरवलेल्या फाइलीही जातात. मात्र त्याचे अपडेट अजून येताहेत ना, ते पाहून घ्या.

वायफाय. ग्रंथालयाचं खुलं वायफाय वापरू नका. सॉफ्टवेअरशी होणारं बोलणं कूटबद्ध असतं, मग काय बिघडतं, असा प्रश्न येतो. बिघडतं असं की त्याच नावाचं बनावट वायफाय शेजारच्या खोलीतून कुणीही सुरू करू शकतं आणि पहिल्या पानावर खोटं लॉगिन दाखवू शकतं. पासवर्ड असलेला स्वतंत्र हॉटस्पॉट घ्या, डब्ल्यूपीए२ किंवा त्यापुढच्या वायफाय सुरक्षेचा. सहा लॅपटॉपना या कामासाठी तो पुरतो. पासवर्ड फळ्यावर लिहायचा नाही.

प्रिंटर ग्रंथालयाचा वापरू नका, हे तितक्याच ठामपणे. सार्वजनिक छपाईत काम आधी एका मध्यवर्ती यंत्रात जाऊन थांबतं आणि मग सुटतं. मोठ्या कॉपियरला स्वतःची हार्ड डिस्क असते. ती ग्रंथालयाने किंवा भाड्याने देणाऱ्या कंपनीने केव्हा पुसली, हे तुमच्या हातात नाही. केबलने जोडलेला एक साधा लेझर प्रिंटर, शक्यतो दोन, केंद्राचे स्वतःचे घ्या.

तरीही प्रिंटरवर दोन घोटाळे होतात. पहिला: रिटर्न छापताना मधेच कागद संपतो. स्वयंसेवक वाट न पाहता दुसऱ्या प्रिंटरवर पुन्हा छापतो आणि पाकीट भरून देतो. पहिल्या प्रिंटरच्या रांगेत उरलेली नऊ पानं तशीच थांबलेली असतात. अर्ध्या तासाने कुणीतरी ट्रे भरतं आणि ती पानं बाहेर पडतात, कुणाचीच नसलेली. उपाय साधा आहे: दुसरीकडे छापण्याआधी पहिल्या रांगेतलं काम रद्द करायचं. कागद अडकला असेल तर झाकण उघडून अर्धवट चुरगळलेलं पान बाहेर काढायचं, त्यावरही नंबर असतो.

दुसरा घोटाळा जास्त गंभीर. दोन टेबलांवरून एकाच वेळी प्रिंट जातं, ट्रेमध्ये दोन कुटुंबांचे गठ्ठे एकावर एक पडतात. पहिल्याने गठ्ठा उचलला तो एक पान कमी, किंवा एक पान जास्त. जास्त आलेलं ते एक पान म्हणजे दुसऱ्या घरातल्या चार माणसांचे नंबर, आणि ते आता पार्सिपनीला एका स्वयंपाकघराच्या टेबलावर आहे. म्हणून प्रत्येक रिटर्नआधी एक रंगीत कोरा कागद छापायला ठेवा, तो दोन गठ्ठ्यांची हद्द. उचलणारा एकच माणूस असावा. पाकिटात घालताना प्रत्येक पानाच्या माथ्यावरचं नाव किंवा नंबरचे शेवटचे चार आकडे पाहायचे. केंद्रीय रिटर्नचेही आणि न्यू जर्सी राज्याच्या रिटर्नचेही, कारण राज्याचं रिटर्न शेवटी छापलं जातं आणि तोवर लक्ष उडालेलं असतं. मग करदात्यासमोर त्याचे मूळ कागद मोजून परत: “दोन डब्ल्यू-२, एक १०९९, एक १०९५-ए, तीन कार्डं, मागचं रिटर्न. सगळं मिळालं?” हे तीस सेकंदांचं काम आहे. आयआरएसचं ७३० क्रमांकाचं पाकीट याचसाठी येतं.

केंद्राकडे स्वतःची प्रत ठेवायची का? स्वयंसेवक ती ठेवू पाहतात आणि त्यांचं कारण प्रामाणिक असतं: रिटर्न परत आलं तर? पण दुरुस्तीला लागणारं सगळं सॉफ्टवेअरमध्येच आहे, फोन नंबरही. रोज स्वीकृती-नाकारणीचा अहवाल पाहायचा आणि नाकारलेलं रिटर्न लगेच दुरुस्त करता येत नसेल तर २४ तासांच्या आत माणसाला कळवायचं. फोनवर मात्र नंबर विचारायचा नाही आणि व्हॉइसमेलवर “तुमचा परतावा अडकलाय” असंही सांगायचं नाही. “ग्रंथालयातल्या शनिवारच्या केंद्रातून बोलतेय, कृपया फोन करा” एवढं पुरे. हातात कागद ठेवायची गरज इथे संपते.

कागद ठेवून जाण्याची पद्धत, म्हणजे ड्रॉप-ऑफ, पहिल्या वर्षी सुरू करू नका, असं स्पष्ट मत आहे. तिला फॉर्म १४४४६ ची संमती, कुलपाचं कपाट, आत-बाहेरची नोंदवही आणि दोन वेळा ओळख पटवणं लागतं. ग्रंथालयाच्या सामायिक खोलीत यातलं कपाटच नसतं. पुढे कधी केलीत तर प्रती घ्या, मूळ सोशल सिक्युरिटी कार्ड कधीही ठेवून घेऊ नका. आणि दूर राहणाऱ्यांकडून कागद मागवायचे असतील तर संस्थेने घेतलेलं, मंजूर आराखड्यात लिहिलेलं सुरक्षित अपलोड पोर्टल हवं. स्वयंसेवकाचा खासगी ई-मेल नव्हे, व्हॉट्सॅप तर नाहीच.

ई-मेलवरून आठवलं. हंगामात “नवीन ग्राहक आहे, माझे कागद या लिंकवर आहेत” असे संदेश येतात. आयआरएस ज्यांबद्दल सावध करते त्यातली ही नेहमीची फसवणूक. केंद्राच्या पत्त्यावर आलेली कुठलीही जोडणी उघडायची नाही, उत्तर एकच: भेटीची वेळ घ्या, कागद घेऊन या.

तुमच्याकडे पुण्या-मुंबईहून आलेले विद्यार्थी येतील, तर आणखी थोडं. त्यांचं रिटर्न बहुधा १०४०-एनआर, म्हणजे करासाठी अनिवासी ठरणाऱ्यांचं, असतं, सोबत फॉर्म ८८४३. भारत-अमेरिका कराराच्या २१ व्या कलमामुळे भारतीय विद्यार्थ्यांना स्टँडर्ड डिडक्शन मिळतं, पण त्यासाठी आणि निवासाचे दिवस मोजण्यासाठी पासपोर्ट, व्हिसा, आय-२० (विद्यापीठाचं प्रवेशाचं पत्र), आय-९४ (देशात आल्याची नोंद) पाहावे लागतात. हे कागद फोनवर असतात आणि ‘तुम्हाला पाठवतो’ म्हणून बोट लगेच सरसावतं. पाठवू देऊ नका, त्याच्याच फोनवर वाचा आणि परत द्या. हे रिटर्न करायला त्या विभागाचं वेगळं प्रमाणपत्र लागतं, ते कुणाकडेच नसेल तर त्याला विद्यापीठाच्या केंद्राकडे पाठवा, कागद न पाहताच. बायकोसाठी आयटीआयएन, म्हणजे सोशल सिक्युरिटी नंबर मिळू न शकणाऱ्यांचा करक्रमांक, काढायचा असेल तर डब्ल्यू-७ या अर्जासोबत मूळ पासपोर्ट किंवा मान्य प्रमाणित प्रत जाते. तो पासपोर्ट एका रात्रीसाठीही केंद्रात ठेवायचा नाही. आणि सवयीने लोक आधार आणि पॅनच्या झेरॉक्स पुढे करतात. अमेरिकेच्या रिटर्नला त्या लागत नाहीत, हात न लावता परत द्या. करासाठी इथले रहिवासी ठरणाऱ्यांना भारतातल्या बँकेच्या व्याजाचा आकडा द्यावा लागतो, पण लागतो तो आकडा. पॅन झाकून आणलेला उतारा चालतो.

काही बिघडलंच तर? लॅपटॉप हरवला, पाकीट चुकलं, कुणी बनावट पानावर पासवर्ड टाकला. स्वयंसेवक घाबरून गप्प बसतो आणि सोमवारपर्यंत थांबतो, तेवढ्यात चोराला दोन दिवस मिळतात. म्हणून आधीच सांगून ठेवा की कळवणाऱ्याला कुणी बोल लावणार नाही. लगेच को-ऑर्डिनेटरला, तिथून प्रायोजक संस्थेला आणि ही केंद्रं पाहणाऱ्या आयआरएसच्या ‘स्पेक’ विभागातल्या तुमच्या संपर्क अधिकाऱ्याला. त्यांचा फोन नंबर आराखड्याच्या पहिल्या पानावर लिहिलेला असू द्या. पासवर्ड गेला असेल तर ते लॉगिन त्याच मिनिटाला बंद. चोरी असेल तर पोलिसांत तक्रार, यंत्राच्या अनुक्रमांकासह. तो अनुक्रमांक चोरीनंतर शोधता येत नाही, आजच लिहून ठेवा. मग त्या यंत्रावर कुणाकुणाची रिटर्नं झाली याची यादी. कुठल्या राज्याच्या कायद्याप्रमाणे कुणाला केव्हा कळवायचं, हे संस्थेने ठरवायचं. पन्नासही राज्यांत असे कायदे आहेत.

ज्यांची माहिती गेली त्यांना दोन कामं करायला मदत करा. आयआरएसच्या ऑनलाइन खात्यातून सहा आकडी आयपी पिन, म्हणजे ओळख जपणारा पिन, घेणं: २०२१ पासून ओळख पटवू शकणाऱ्या कुणालाही तो मिळतो, आणि तो एकदा लागला की त्याच्याशिवाय त्यांच्या नंबरवर ई-फाइल होत नाही. तो दर वर्षी बदलतो हे आवर्जून सांगा, नाहीतर पुढच्या वर्षी जुना पिन घालून रिटर्न परत येतं. दुसरं, इक्विफॅक्स, एक्स्पिरियन आणि ट्रान्सयुनियन या पतनोंद ठेवणाऱ्या तिन्ही कंपन्यांकडे पत गोठवणं, म्हणजे त्यांच्या नावावर कुणाला नवं कर्ज काढता येत नाही. २०१८ च्या सप्टेंबरपासून ते मोफत आहे, आणि ऑनलाइन किंवा फोनवर सांगितलं की एका कामकाजाच्या दिवसात त्यांना करावं लागतं. मुलांचीही गोठवता येते.

शनिवारी संध्याकाळचा क्रम. टेबलाखालच्या कचऱ्याच्या टोपल्या दुपारीच उचलून ठेवा, त्या ग्रंथालयाच्या कचऱ्यात जातात. त्यांच्याऐवजी झाकणाची, फट असलेली एकच पेटी, आणि ती तिथेच श्रेडरमध्ये रिकामी करायची. श्रेडर नुसत्या पट्ट्या काढणारा नको. पट्ट्या जुळवता येतात, आणि पान आडवं घातलं तर अख्खी ओळ एका पट्टीवर राहते. आडवा-उभा कापणारा घ्या, खोक्यावर ‘पी-४’ लिहिलेला. मग प्रिंटरची रांग रिकामी, ट्रे आणि पोट तपासलेलं, प्रत्येक लॅपटॉपचं डाउनलोड्स पाहिलेलं, यंत्रं पूर्ण बंद, मोजून पेटीत. टेबलांखाली एकदा वाकून पाहा, तिथे नेहमी एखादं कार्ड सापडतं. सापडलं तर त्याच संध्याकाळी फोन. पोस्टाने पाठवायचं नाही, येऊन नेऊ द्या.

एप्रिलमध्ये शेवटचा शनिवार झाला की सगळ्यांचे टॅक्सस्लेयर लॉगिन बंद करा, उशिराची आणि नाकारलेली रिटर्नं पाहणाऱ्या एक-दोघांचे सोडून. दान मिळालेली यंत्रं पुन्हा पूर्ण पुसा, मगच ती मंडळाच्या दुसऱ्या कामाला द्या. आणि स्वयंसेवकांच्या व्हॉट्सॅप गटात एकदा वरपर्यंत जाऊन पाहा. “हा फॉर्म कुठे भरायचा?” म्हणून कुणीतरी फेब्रुवारीत स्क्रीनचा फोटो टाकलेला असतो. तो ज्याने टाकला त्याला सगळ्यांसाठी पुसता येत नसेल, कारण ती मुदत दोनेक दिवसांचीच असते. तेव्हा आठही जणांनी आपापल्या फोनवरून, गॅलरीतून आणि बॅकअपमधूनही तो काढायचा. आणि ज्याच्या रिटर्नचा तो फोटो होता, त्याला कळवायचं.